ताळगावचं स्टेडियम आणि लॉर्ड किलॅनिन

पणजी, २१ नोव्हेंबर

ताळगाव पठारावरचं श्यामा प्रसाद मुखर्जी इनडोअर स्टेडियम २०१४च्या लुसोफोनिया खेळांसाठी, म्हणजे पोर्तुगीज भाषेशी नातं असलेल्या देशांच्या स्पर्धेसाठी, उभं राहिलं. पुढे इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाचे सोहळेही तिथेच झाले. अशा सभागृहात सिनेमाचा कार्यक्रम करायचा म्हणजे खेळाच्या लाकडी फरशीवर आधी प्लायवूड, मग गालिचा, मग खुर्च्या. उंच छपराखाली आवाज घुमतो, म्हणून दोन मोठे स्पीकर लावून भागत नाही; लहान लहान बरेच, अंतराअंतरावर टांगावे लागतात. खेळ आणि सिनेमा यांचं नातं बहुतेक वेळा असं सुतार आणि वायरमनच्या हातात असतं. चित्रपट निर्माते आणि पुढे आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीचे अध्यक्ष झालेले लॉर्ड किलॅनिन यांनी ते वरच्या मजल्यावर बसून सांभाळलं.

मायकल मॉरिस हे त्यांचं नाव, जन्म १९१४चा. १९२७मध्ये काका वारले आणि शाळकरी वयातच आयर्लंडच्या या घराण्याची बॅरन ही पदवी त्यांच्याकडे आली. (पेडण्याच्या देशप्रभूंकडे पोर्तुगिजांनी दिलेली व्हिस्कोंद पदवी होती, गोंयकारांना हा प्रकार नवा नाही.) पण पदवीवर बसून राहिले नाहीत. लंडनच्या दैनिकांत पत्रकारी केली, चीन-जपान युद्धाच्या बातम्या पाठवल्या, नॉर्मंडीच्या चढाईत सैनिक म्हणून उतरले. १९५०मध्ये आयरिश ऑलिंपिक समितीचे अध्यक्ष झाले, १९५२मध्ये आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीचे सदस्य.

याच काळात सिनेमा आला. दिग्दर्शक जॉन फोर्ड त्यांचे मित्र. ‘द क्वाएट मॅन’साठी पश्चिम आयर्लंडमधल्या जागा शोधायला किलॅनिननी मदत केली; १९५१च्या उन्हाळ्यात काँग या गावात आणि आसपास चित्रीकरण झालं. त्या वेळचा रंगीत चित्रीकरणाचा टेक्निकलर कॅमेरा लोलकाने प्रकाश फोडून तीन वेगळ्या निगेटिव्हवर पाडायचा. म्हणजे उजेड भरपूर हवा. आणि तिथलं आभाळ आपल्या जूनसारखं: आत्ता ऊन, घटकेत सर. एका प्रसंगाचा अर्धा भाग उन्हात आणि अर्धा ढगात घेतला, तर संकलनाच्या टेबलावर तो जुळत नाही. अशा दिवसांसाठी जवळून घ्यायची दृश्यं राखून ठेवावी लागतात. या चित्रपटाची घरातली बरीचशी दृश्यं तर हॉलिवूडच्या स्टुडिओतच उरकली. पुढे किलॅनिननी ‘द रायझिंग ऑफ द मून’ (१९५७) निर्मिला. तीन गोष्टींचा, आयरिश रंगभूमीवरचे नट घेऊन केलेला. गल्ला मात्र जमला नाही.

निर्मात्याचं खरं काम कॅमेऱ्यामागे नसतंच. परवानगी कोणाची, पैसा कोणाचा, पाऊस पडला तर भुर्दंड कोणाच्या माथी, हे आधी कागदावर आणणं हे ते काम. १९७२मध्ये आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीचे अध्यक्ष झाल्यावर त्यांच्यापुढे हेच प्रश्न आले, फक्त आकडे मोठे. मॉन्ट्रियलला यजमानपद १९७०मध्येच, म्हणजे त्यांच्या आधी देऊन झालं होतं. १९७६च्या खेळांचं कर्ज शहर २००६पर्यंत फेडत राहिलं. मग १९८४साठी लॉस एंजलिस हे एकटंच शहर उरलं आणि तिथल्या लोकांनी सरकारी पैसा ओतायला नकार दिला. तोटा शहराने सोसायचा हा जुना नियम समितीला बाजूला ठेवावा लागला, खाजगी संयोजन समिती पुढे आली. समितीचा हात दगडाखाली होता, हे उघडच आहे.

मॉस्को १९८० हा त्यांचा सगळ्यात अवघड प्रसंग. सोव्हिएत सैन्य अफगाणिस्तानात घुसलं म्हणून अमेरिकेने या खेळांवर बहिष्कार पुकारला होता. खेळाडूंच्या प्रवेशिका सरकार पाठवत नाही, त्या देशाची ऑलिंपिक समिती पाठवते. म्हणूनच ब्रिटनचं सरकार नको म्हणत असताना तिथले खेळाडू गेले. मे महिन्यात किलॅनिन सोव्हिएत नेते ब्रेझनेव्ह आणि अमेरिकेचे अध्यक्ष कार्टर दोघांनाही भेटले. बहिष्कार टळला नाही. आपल्याला मॉस्को म्हटलं की हॉकीचं सुवर्ण आठवतं, पण पाकिस्तान आणि पश्चिम जर्मनीचे संघ तिथे नव्हते, तेही लक्षात ठेवायला हवं.

मला विचाराल तर त्यांची मोठी कामगिरी त्याआधीची, १९७९ची. मॉन्ट्रियलमध्ये तैवानने ‘रिपब्लिक ऑफ चायना’ या नावाने उतरू नये म्हणून कॅनडा अडून बसला होता आणि तो संघ न खेळताच परतला, तेव्हा किलॅनिनना काही करता आलं नव्हतं. तीन वर्षांनी नागोयाच्या बैठकीत तोडगा निघाला: चीनला परत घ्यायचं आणि तैवाननेही खेळायचं, पण दुसरं नाव, दुसरा ध्वज, दुसरं गीत घेऊन. अंतिम मत सदस्यांकडून टपालाने मागवलं. तैवान कोर्टात गेलं, रीतसर करार १९८१मध्ये झाला. तोवर किलॅनिन पायउतार झाले होते. उद्घाटनाच्या संचलनात तो संघ मैदानात येतो, तेव्हा फलकावर ‘चायनीज तैपेई’ हेच नाव असतं.