आखेन : 'न घडलेल्या' तीन शतकांत अर्धा दिवस

जर्मनीतल्या आखेनच्या कॅथेड्रलमधले, इ.स. 800च्या सुमाराचा फ्रँक सम्राट शार्लमेन याचे सिंहासन पाहून प्रथम थोडी निराशाच होते. वरच्या सज्जात, सहा पायऱ्यांवर, संगमरवराच्या साध्या फळ्या ब्राँझच्या पट्ट्यांनी जोडलेल्या आहेत. नक्षी नाही की रत्ने नाहीत. मार्गदर्शक बाईंनी बाजूच्या एका फळीवर टॉर्चचा झोत टाकला तेव्हा मात्र मी पुढे वाकलो. टोकदार हत्याराने कोणीतरी तिथे चौकटीत चौकट ओरखडली होती, आणि ती सरळसरळ नवकंकरीचा पट होती. हा दगड जेरुसलेमच्या पवित्र कबरीच्या चर्चमधून आला, असे परंपरा सांगते. सिंहासन होण्यापूर्वी त्यावर बसून कोणी सोंगट्या सरकवल्या असतील, ते कळायला मार्ग नाही.

मी आलो होतो ते वेगळ्याच ओढीने. हेरिबर्ट इलिग या जर्मन लेखकाने 1990च्या दशकात असा दावा मांडला की सप्टेंबर 614 ते ऑगस्ट 911 ही 297 वर्षे मुळात घडलीच नाहीत. इ.स. 1000 हे वर्ष आपल्याच कारकिर्दीत यावे म्हणून सम्राट तिसरा ऑटो आणि पोप दुसरा सिल्व्हेस्टर यांनी संगनमताने कालगणना पुढे ढकलली, मधली पोकळी बनावट दस्तऐवजांनी भरली आणि शार्लमेन हे पात्र रचले, असे त्याचे म्हणणे. मी ज्या अष्टकोनी घुमटाखाली उभा होतो, तो इ.स. 800च्या सुमारास बांधणे शक्यच नव्हते, हाही त्याचा एक पुरावा.

दावा हास्यास्पद वाटला, तरी त्यामागचा हिशेब चतुर आहे. ज्युलियस सीझरने सुरू केलेल्या ज्युलियन पंचांगाचे वर्ष खऱ्या सौरवर्षापेक्षा सुमारे अकरा मिनिटांनी मोठे असल्याने साधारण 128 वर्षांत एक दिवसाची चूक साचते. इ.स.पू. 45 पासून 1582 पर्यंत ती जवळजवळ तेरा दिवसांची व्हायला हवी. पण त्या साली पोप ग्रेगरीने केलेल्या पंचांगाच्या सुधारणेत 4 ऑक्टोबरनंतर थेट 15 ऑक्टोबर आला, म्हणजे दहाच दिवस गाळले गेले. उरलेले तीन दिवस म्हणजे सुमारे तीन शतके. ती कुठे गेली? उत्तर सोपे आहे. सुधारणाकर्त्यांना सीझरच्या काळाकडे जायचेच नव्हते. वसंतसंपात, म्हणजे वसंतातला दिवस-रात्र समान असण्याचा क्षण, 325 सालच्या निकेआच्या धर्मपरिषदेच्या वेळेप्रमाणे 21 मार्चला आणायचा होता, आणि तिथपासूनची चूक दहाच दिवसांची भरते.

शिवाय कट युरोपापुरता असून भागत नाही. चीनची तांग राजवट (618 ते 907) सगळीच पुसावी लागते, आणि 837 मध्ये तिथल्या निरीक्षकांनी नोंदवलेला हॅलेचा धूमकेतूही. मला मात्र त्या सज्जात राहून राहून आठवत होता तो कर्नाटकातल्या ऐहोळेचा शिलालेख. कवी रविकीर्तीने चालुक्य राजा दुसऱ्या पुलकेशीची प्रशस्ती मेगुती मंदिराच्या भिंतीवर कोरवली, तेव्हा शके 556 आणि भारतीय युद्धापासूनची 3735 वर्षे असा दुहेरी काळ दिला, म्हणजे इ.स. 634-35, अगदी त्या 'न घडलेल्या' काळातला. ती शकगणना पंचांगांतून आजवर चालत आली आहे, आणि तिच्यात रोमच्या पोपला हात घालता येण्याजोगी फट मला तरी दिसत नाही. वेरूळचे कैलास लेणे करवून घेणारा राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण आठव्या शतकातला. त्यालाही वगळायचे, तर डोंगरातून कोरून काढलेल्या त्या अख्ख्या मंदिराचे काय करायचे, हे इलिगच्या अनुयायांनीच सांगावे.

शेवटी खाली उतरून उंच काचांच्या गायनकक्षात गेलो. तिथे 1215 मध्ये पूर्ण झालेल्या सोनेरी पेटीत शार्लमेनच्या अस्थी आहेत, आणि त्याच कक्षात, जवळच, तिसऱ्या ऑटोच्या स्मृतीची शिला आहे. ज्या सहस्रकासाठी त्याने म्हणे एवढा उपद्व्याप केला, त्याची जेमतेम दोन वर्षे त्याच्या वाट्याला आली. 1002 मध्ये तो गेला तेव्हा एकवीस वर्षांचा होता. पण इ.स. 1000 मध्ये आखेनला येऊन त्याने शार्लमेनची कबर शोधून उघडवली होती. इलिगचे खरे मानले, तर आपणच रचलेल्या पात्राची कबर पाहायला लेखक स्वतः आला, आणि पुढे त्याच छताखाली त्यालाही पुरले गेले.