खडीक्रशरची डस्ट निफाडला नको, पेठ-सुरगाण्याला हवी

पृथ्वी थंड करायच्या उपायांत सर्वाधिक बोलबाला आहे तो ऊन परतवण्यासाठी वीस किलोमीटर उंचीवर गंधकाचे कण सोडण्याचा. १९९१ मध्ये फिलिपिन्समधल्या पिनाटुबो ज्वालामुखीने तेच केलं. त्यानंतर जग सुमारे अर्ध्या अंशाने थंड झालं, पण जमिनीवरचा पाऊसही घटला. मान्सूनवर जगणाऱ्या नाशिकला हा जुगार झेपणार नाही. त्यापेक्षा पायाखालच्या काळ्या पाषाणावर, म्हणजे बेसाल्टवर, माझा भरवसा जास्त आहे.

पावसाच्या पाण्यात कार्बन डायऑक्साइड विरघळून सौम्य आम्ल होतं. ते बेसाल्टमधलं कॅल्शियम-मॅग्नेशियम सोडवतं आणि कार्बन बायकार्बोनेटच्या रूपात नदीवाटे समुद्राला जातो. दगड जितका बारीक, तितकं हे लवकर घडतं. म्हणून खडीक्रशरवर पडणारी बेसाल्टची डस्ट शेतात मिसळायची.

पण निफाड-दिंडोरीच्या द्राक्षबागांत ही डस्ट टाकू नका. तिथल्या बऱ्याच जमिनी चुनखडीच्या, सामू (पीएच) आठच्या आसपास. तिथे दगड हळू विरघळतो. सुटलेलं कॅल्शियम पुन्हा चुनखडी होऊन बसतं आणि बांधलेला निम्मा कार्बन परत हवेत जातो. वर वेलीला लोह मिळेनासं होतं. शिरा हिरव्या, पान पिवळं. खात्री करायची तर मातीच्या ढेकळावर दहा टक्क्यांचं हायड्रोक्लोरिक आम्ल दोन थेंब टाका. फेस आला की विषय संपला.

पेठ, सुरगाणा, इगतपुरीची भातखाचरं वेगळी: धो धो पाऊस, सामू साडेसहाच्या खाली असलेल्या जमिनी. एका गुंठ्यात २०० किलो, म्हणजे हेक्टरी २० टन, चाळून घेतलेली मैद्यासारखी डस्ट चिखलणीआधी मिसळा. शेजारचा गुंठा तसाच ठेवा. दोन्हींचा सामू आधी आणि कापणीनंतर तपासा. दगडातून येणाऱ्या निकेल-क्रोमियम या धातूंची तपासणी टाळू नका, कारण दरवर्षी टाकलं तर ते साठत जातं. पसरताना डस्ट ओली हवी आणि तोंडाला मास्क, नाहीतर ती फुप्फुसात जाते.

अपेक्षा मात्र माफक ठेवा. अमेरिकेतल्या मक्याच्या पट्ट्यात चार वर्षं दरवर्षी हेक्टरी ५० टन बेसाल्ट टाकून मिळून हेक्टरी साधारण साडेदहा टन कार्बन डायऑक्साइड बांधला गेला, मक्या-सोयाबीनचं उत्पादनही बारा ते सोळा टक्के वाढलं. म्हणजे दोनशे टन दगडामागे साडेदहा टन. त्यातून दळणाची वीज आणि ट्रकचं डिझेल वजा होतं, म्हणून क्रशरवर आयती पडून असलेली डस्ट, तीही जवळच्याच क्रशरची.