ढेलजेची किल्ली

अंबाजोगाईत बोर्ड रंगवण्यात माझी वीस वर्षं गेली. फ्लेक्स आलं आणि ते काम संपलं. त्याच सुमारास गल्लीतल्या पडक्या वाड्याची ढेलज, म्हणजे दारातून आत गेल्यावरची पहिली खोली, मालकांनी वापरायला दिली. मनात होतं, गल्लीचं स्वतःचं कलादालन करायचं. सुरुवात ब्रशनं नाही, खोऱ्यानं झाली. माळवदाची पडलेली माती काढण्यातच दोन महिने गेले. भिंती सारवल्या, चुना दिला, देवळीत दिवा लावला. तरी यायची ती पाच-सहा पोरंच. मोठी माणसं दारातून डोकावायची आणि जायची.

मग डोक्यात पासोडी आली. १५५१ साली जन्मलेल्या संतकवी दासोपंतांनी गीतेवर सव्वा लाख ओव्यांचा गीतार्णव लिहिला, आणि पंचीकरणासारखा, म्हणजे पंचमहाभूतांपासून सृष्टी कशी घडली हा, अवघड विषय मात्र चाळीस फूट लांब, चार फूट रुंद कापडावर मांडला. ती पासोडी आमच्याच गावात आहे. मला वाटतं, पसरून दाखवता यावं, चार माणसांनी भोवती बसून बघावं, म्हणूनच त्यांनी कापड घेतलं असेल. आपणही तेवढंच कापड घ्यायचं ठरवलं. विषय एकच : आपली गल्ली.

मांजरपाट आणला, धुऊन खळ काढली, रंग फुटू नये म्हणून डिंकाचं पाणी दिलं. गेरू, नीळ, काजळी कालवून वाट्या भरल्या. रविवारी सकाळी कापड उलगडलं. ढेलज पंधरा फुटांची, त्यामुळे उरलेलं कापड उंबरा ओलांडून पायऱ्यांवरून थेट रस्त्यावर गेलं. आता ते ओलांडल्याशिवाय कुणालाच जाता येईना. माणसं थांबली, आणि थांबलेली खाली बसली.

घरटी दोन फूट दिले होते. समोरच्या कासाराच्या आजी बराच वेळ नुसत्या बघत होत्या. मग काजळीत बोट बुडवून त्यांनी एक मोठं गोल काढलं.

“हे काय, आजी?”

“आड. तुम्ही गाड्या लावता ना, त्याच्याखाली हाय. माझं लगीन झालं तवा सगळी गल्ली तितंच पाणी शेंदायची.”

गोल वरून पाहिल्यासारखं, त्यावरचा रहाट समोरून पाहिल्यासारखा, आणि दोर आडाच्या काठाबाहेर लोंबकळत होता. माझा हात शिवशिवला. चूक दुरुस्त करावी म्हणून ब्रश उचललाही होता, पण खाली ठेवला. तो ठेवला म्हणून पुढचं घडलं. शेजारचे काका म्हणाले, आड इतका अलीकडं नव्हता. दुसऱ्या म्हणाल्या, होता, आणि काठावर लिंबाचं झाड होतं. त्यांनी ते काढलंच. पोरं गाड्या सरकवून जमीन तपासायला गेली. बुजवलेल्या आडावरून दुपारपर्यंत वाद चालला, आणि ज्यांनी चार महिन्यांत ढेलजेत पाऊल टाकलं नव्हतं त्यांचे हात काजळीनं माखले.

संध्याकाळी कापड भिंतीवर ताणून बांधलं. कुलूप लावताना आजी म्हणाल्या, “पेंटर, किल्ली इकडं आना. तुमी सातला येता, पोरं सहालाच ओट्यावर बसतेत.”

दोन क्षण जीव होईना. ढेलज माझी, असं कुठंतरी मनात घर करून बसलं होतं. पण दिली. त्यांनी ती कनवटीला खोचली आणि काही न बोलता घरात गेल्या.

सोमवारी सातला आलो तर दार सताड उघडं. उंबऱ्यापुढं रांगोळी. आत दोन पोरी पासोडीपुढं बसून आपल्या घराला राहून गेलेली खिडकी काढत होत्या.