नंदवाळच्या वाटेवर जनीचा ‘मी’

ज्यांना आषाढीला पंढरपूर गाठता येत नाही त्यांच्यासाठी नंदवाळ ही सोय आहे, असं बाहेरच्या लोकांना वाटतं. आमच्या गल्लीत येऊन हे बोलायची हिंमत कुणी करू नये. करवीर तालुक्यातल्या या गावाला प्रतिपंढरपूर म्हणतात, आणि एकादशीच्या सकाळी मिरजकर तिकटीच्या विठ्ठल मंदिरातनं पालखी हलली की तिच्यामागं निम्मं कोल्हापूर चालायला लागतं. अंतर एका दिवसात जाऊन यावं एवढंच. तंबू नाही, मुक्काम नाही, त्यामुळं हौशे-नवशे भरपूर. कॉलेजची पोरं, दुकान धाकट्या भावावर सोपवून आलेले व्यापारी, नववारी नेसून नाकात नथ घातलेल्या सोसायटीतल्या वहिनी. खरे माळकरी त्यांच्यात मिसळलेले, आणि त्यांना या गर्दीचा काही त्रास होत नाही.

मी चालतो तो अभंगासाठी. हे एकदा बोलता बोलता तात्यांना सांगितलं. तात्या म्हणजे आमच्या दिंडीचे वीणेकरी, गल्लीतच पिठाची गिरणी चालवायचे. ते म्हणाले, “म्हंजे भक्ती एका खिशात आन् कविता एका खिशात, असं हाय व्हय तुझं?” मी गप्प बसलो. माझं तसंच होतं आणि अजूनही बऱ्यापैकी आहे. वर्षभर मी कविता वाचतो ती रात्री जेवण झाल्यावर, एकट्यानं, ओठ न हलवता. करवीर नगर वाचन मंदिरातनं पुस्तक आणायचं, चार कविता वाचायच्या, एखादीवर अडायचं, झोपायचं. ही संस्था 1850 सालची, म्हणजे आमच्या शहराला वाचायची सवय जुनी आहे. पण कवितेचं पुस्तक घेऊन काउंटरवर उभं राहिलं की अजूनही मागचा माणूस वाकून बघतो, हा काय परीक्षेला बसलाय की काय म्हणून.

पालखी खंडोबा तालमीपाशी आली तेव्हा पाऊस उघडला होता. तिथनं काही वस्ताद मंडळी आमच्या दिंडीत शिरली. मान कुठं संपते आणि खांदा कुठं सुरू होतो ते कळू नये अशी शरीरं, कुस्तीनं कान सुजून गोळा झालेले. त्यांच्यातल्या एका वयस्कर पैलवानानं टाळ मागून घेतला आणि सरळ जनाबाई उचलली:

डोईचा पदर आला खांद्यावरी ।
भरल्या बाजारीं जाईन मी ॥

आवाज तालमीत पोरांना दम द्यायचा तोच, खरखरीत. कुणी हसलं नाही. मागच्या रांगांनी ती ओळ झेलली, आणि मिशावाले, टक्कलवाले, रेनकोटवाले असे सगळे बाप्ये एका सुरात आपल्या डोईचा पदर खांद्यावर आल्याचं सांगू लागले. पुढं ‘आतां मज मना कोण करी’ आलं तेव्हा त्या पैलवानानं मान अशी झटकली, की खरंच कुणी आडवा आला असता तर त्याची खैर नव्हती.

जनी ही नामदेवांच्या घरची दासी. दळण-कांडण करणारी, शेणी वेचणारी. तिच्याविषयी मी लेख वाचलेत, व्याख्यानं ऐकलीत. त्या सगळ्यात जनी ‘ती’ असते. तिनं असं सोसलं, तिनं तसं लिहिलं. ऐकणारा खुर्चीत बसलेला राहतो आणि जनी समोर उभी राहते. अभंगात ही ‘ती’ नाहीच. अभंग म्हणायचा तर ‘जाईन मी’ असंच म्हणावं लागतं, दुसरा मार्ग ठेवलेला नाही. म्हणजे तेवढा वेळ, टाळाच्या आठ-दहा ठेक्यांपुरती का होईना, आपली जीभ तिच्या ताब्यात जाते.

कविता वाचण्याचा काही आध्यात्मिक उपयोग असेलच, तर मला तो इथं दिसतो. मनःशांती वगैरे मला पटत नाही. शांतीसाठी रंकाळ्यावर संध्याकाळी बसलं तरी भागतं. तुकोबा तर ‘रात्रंदिन आम्हां युद्धाचा प्रसंग’ म्हणतात, त्यात शांत काय आहे? पण सकाळी उठल्यापासून आपण जो स्वतःचा मी उगाळत असतो, त्यातनं तेवढी सुटका होते. स्टेटसला मी, सोसायटीच्या ग्रुपवर मी, ऑफिसच्या अर्जात मी. मन शांत करायचे वर्ग आहेत तिथंही ‘स्वतःसाठी वेळ काढा’ हेच. दिवसभर त्याच माणसाबरोबर असतो हो आपण, अजून किती वेळ द्यायचा त्याला!

वाशी नाका मागं टाकून दिंडी साने गुरुजी वसाहतीत शिरली. इथं दर थोड्या अंतरावर मंडप. चहा, केळी, राजगिऱ्याचे लाडू, आणि कागदाच्या द्रोणात शाबूची खिचडी. उपासाच्या दिवशी कोल्हापुरात माणूस जेवढं खातो तेवढं एरवी खात नसावा. वसाहतीचं नाव रोजचंच, त्याकडं कुणाचं लक्ष जात नाही. वारीच्या दिवशी माझं जातं. पंढरपूरचं देऊळ दलितांना उघडं व्हावं म्हणून साने गुरुजी 1947 च्या मे महिन्यात उपोषणाला बसले होते, आणि मगच ते दार उघडलं. चोखोबा त्याच्या सहाशे वर्षं आधीचे. त्यांची समाधी आजही मंदिराच्या बाहेर, नामदेव पायरीजवळ आहे. म्हणजे ज्या माणसाचे अभंग शतकानुशतकं देवळाच्या आत म्हटले जात होते, त्याच्या माणसांना मात्र आत जायला 1947 साल उजाडावं लागलं.

वसाहत संपली की पुईखडीचा चढ. इथं नेहमी बोलणं बंद पडतं आणि फक्त अभंग राहतो. मोठ्या अभंगाचं मोजमाप शाळेत पाठ केलेलं असतं: सहा, सहा, सहा आणि चार अक्षरं. कागदावर ते नुसतं गणित वाटतं. चढावर धाप लागली की शेवटच्या त्या चार अक्षरांनंतर जी मोकळी जागा सुटते तिचा उपयोग कळतो, तिथं बरोबर एक श्वास बसतो. ‘जाईन मी’, श्वास, पाऊल. ज्यांनी हे रचलं त्यांना जात्यावर, चालीवर, ओझ्याखाली म्हणायचं होतं. बसून वाचणाऱ्याला म्हणूनच ते कधी कधी सपक वाटतं, आणि तो दोष रचनेला देतो.

माथ्यावर रिंगण झालं. घोडा, पताका, धूळ नव्हे तर चिखल, आणि त्याहून जास्त मोबाइल. टापांखालची माती कपाळाला लावायला झुंबड उडाली. त्याविषयी मला फार सांगण्यासारखं नाही, सगळे तेच लिहितात.

वाशीच्या पुढं रस्त्याला लागून ऊस. आषाढातला ऊस म्हणजे काही ठिकाणी कमरेएवढा खोडवा, काही ठिकाणी डोक्यावर गेलेली आडसाली लागण, वाऱ्यानं लोळलेली. तात्यांनी वीणा सावरली आणि चोखोबांचा अभंग घेतला. या वाटेवर तो येणारच असतो:

ऊस डोंगा परी रस नोहे डोंगा ।
काय भुललासी वरलिया रंगा ॥

सगळ्या दिंडीला तो पाठ. दोन्ही बाजूंनी ऊस, अर्ध्या लोकांचं पोट त्या उसावर, त्यामुळं इथं आवाज आपोआप चढतो.

अभंग संपला, केळी वाटायला लागली, आणि आमच्यातल्याच एकानं त्या दिवशी नव्यानं आलेल्या एका पोराला केळं देता देता विचारलं, “कुठला तू? आडनाव काय?” पोरानं गावाचं नाव सांगितलं, स्वतःचं नाव सांगितलं आणि तेवढ्यावर थांबला. विचारणाऱ्यानं परत विचारलं. सगळ्यांना कळलं काय विचारलं जातंय ते. असे प्रश्न आमच्याकडं खोली भाड्यानं देताना, स्थळ बघताना, अगदी सहज विचारले जातात, आणि विचारणाऱ्याच्या आवाजात काडीचाही फरक पडत नाही.

तात्या पुढं होते. मागं न वळता म्हणाले, “आत्ता काय म्हणत होतास रं?”

“कवा?”

“आत्ता. टाळ कुटत.”

“ऊस डोंगा.”

“पुढचं म्हण.”

तो हसला. मग पुढचं म्हणाला, निम्मं गिळून: ‘काय भुललासी...’ आणि केळी घेऊन मागच्या रांगेकडं गेला. पोरगं आमच्याबरोबर चालत राहिलं.

माझ्या ओळखीचे एक मास्तर म्हणतात, हे सगळं ढोंग आहे. गळ्यातनं चोखोबा गातात आणि डोक्यात आडनाव ठेवतात, असल्या कवितेचा उपयोग काय? त्यांचं म्हणणं मला खोडता येत नाही. कविता वाचून माणूस सुधारतो असं मानायला माझ्याकडं काही पुरावा नाही, माझ्यासकट. पण तात्यांना त्या दिवशी उपदेश करावा लागला नाही, हे मी पाहिलं. हत्यार त्या माणसाच्याच तोंडात होतं. त्यांनी फक्त ते त्याला परत काढायला लावलं. वर्षानुवर्षं म्हटलेली ओळ कधी आपल्यालाच अडवून धरेल याचा नेम नसतो, म्हणून तर मी रात्री वाचतो त्या नव्या कवितांतल्याही एक-दोन आता पाठ करायला लागलोय. त्या चालीवर बसत नाहीत, श्वास कुठं घ्यायचा ते सांगत नाहीत, पण मोठ्यानं म्हटल्या की त्यांच्यातला मी अंगावर येतो. स्वयंपाकघरातनं बायको विचारते, “कुणाशी भांडताय?”

नंदवाळला पोचलो तेव्हा रांग गावाबाहेर आलेली. पावसाची सर, प्लॅस्टिकचे कागद डोक्यावर, पुढं सरकायचं नाव नाही. माझ्यामागं कॉलेजचा एक मुलगा होता, कानातली वायर काढून म्हणाला, “काका, तो पदराचा अभंग कुठला म्हणायचा? सकाळपासून एकच ओळ डोक्यात फिरतीय.” मी सांगितला. त्यानं मोबाइलवर शोधला आणि वाचायला लागला, बातमी वाचावी तसा, भराभर. पुढच्या आजींनी मान वळवली.

“आरं, पळतोयस कुठं? जनी बाजारात निघालीया, थांब की जरा तिच्यासंगं.”

मुलगा लाजला. परत पहिल्यापासून सुरू केलं, या वेळी सावकाश. ‘हाती घेईन टाळ’ला आजींनी पिशवी खाली ठेवून त्याच्याबरोबर म्हणायला घेतलं, शेवटच्या ‘जनी म्हणे’ला रांगेतल्या आणखी दोघी सामील झाल्या. ‘मी झालें येसवा’, येसवा म्हणजे वेश्या, तिथं मुलगा अडखळला. शब्द कळला असावा, किंवा आजीसमोर म्हणायची चोरी वाटली असावी. आजी मात्र खणखणीत म्हणून मोकळ्या झाल्या. मग पदरानं हात पुसून त्यांनी कमरेचा मोबाइल काढला आणि त्याच्यापुढं धरला.

“मला पाठव की ते. आन् अक्षर मोठ्ठं करून पाठव, चष्मा घरात ऱ्हायलाय.”