सर्बिटनची बार्बरा, कपूरांची मावशी

वॉटर्लू स्टेशनवरून लोकल पकडली की वीसेक मिनिटांत सर्बिटन येतं. लंडनच्या नैर्ऋत्येचं हे शांत, मध्यमवर्गीय, जरासं आखडू उपनगर. मी इथे राहते असं कुणा साठीपुढच्या इंग्रज माणसाला सांगितलं, तर तो हमखास मिश्कील हसतो आणि विचारतो, "मग शेळी पाळलीय की नाही?"

ही शेळी 'द गुड लाइफ' या बीबीसीच्या विनोदी मालिकेतली. 1975 ते 1978 या काळात ती चालली. टॉम गुड नावाचा माणूस चाळीस वर्षांचा होतो आणि सकाळच्या सीरियलच्या पाकिटात टाकायची प्लॅस्टिकची खेळणी डिझाइन करण्याची नोकरी सोडून देतो. मग तो आणि त्याची बायको बार्बरा सर्बिटनच्या आपल्या घराची बाग उकरतात, भाजी लावतात, कोंबड्या, डुकरं आणि ती शेळी पाळतात. शेजारच्या प्रतिष्ठित मार्गोबाईंना कापरं भरतं. मालिका सुरू झाली त्या वर्षी ब्रिटनमध्ये महागाई पंचवीस टक्क्यांच्या घरात पोचली होती, त्यामुळे पगार आणि बिलं दोन्ही झुगारून देणारं जोडपं लोकांना आवडलं यात नवल नाही. (गंमत म्हणजे चित्रीकरण सर्बिटनमध्ये झालंच नाही. ते झालं लंडनच्या दुसऱ्या टोकाला, नॉर्थवुडमध्ये. सर्बिटनकर मात्र ही मालिका आपलीच समजतात.)

बार्बराचं काम केलं होतं फेलिसिटी केंडलने. डंगरी, गमबूट, गालाला चिखल आणि घोगरा, हसरा आवाज. एका पिढीसाठी ती म्हणजे इंग्लंडमधली आदर्श शेजारीण. माझ्या ओळखीच्या एका आजींना मी सांगितलं की ही बाई आमच्या शशी कपूरची मेव्हणी, तर त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी राणीला कोल्हापूरची म्हणतेय.

पण खरं तेच आहे. फेलिसिटीचा जन्म 1946 चा, बर्मिंगहॅमजवळच्या ऑल्टनचा. वडील जेफ्री केंडल आणि आई लॉरा लिडेल, दोघंही नट. जेफ्रींचं मूळ आडनाव ब्रॅग; जन्मगाव केंडल म्हणून त्यांनी तेच नाव घेतलं. त्यांची 'शेक्सपियराना' ही नाटक मंडळी भारतभर फिरायची. आज कॉन्व्हेंटचा हॉल, उद्या एखाद्या संस्थानिकाचा दरबार, परवा लष्करी छावणी. पेटारे, रेल्वेचे डबे, मुलंबाळं असं सगळं बिऱ्हाड बरोबर. संगीत नाटक कंपन्यांच्या दौऱ्यांच्या आठवणी वाचलेल्या मराठी माणसाला हे जग चटकन कळतं, इंग्रजांना ते समजावून सांगावं लागतं. फेलिसिटी रंगमंचावर पहिल्यांदा आली ती नऊ महिन्यांची असताना, आईवडिलांच्या 'मिडसमर नाइट्स ड्रीम'मध्ये. पुढे शिक्षण लोरेटोच्या सहा वेगवेगळ्या कॉन्व्हेंटांमध्ये तुकड्यातुकड्यांनी झालं, आणि सतराव्या वर्षी कलकत्त्यात टायफॉइड झाला.

तिची थोरली बहीण जेनिफर. कलकत्त्यात शशी कपूर तिच्या प्रेमात पडले, तिच्या वडिलांच्या कंपनीत नट म्हणून शिरले आणि 1958 मध्ये दोघांनी लग्न केलं. म्हणजे कुणाल, करण आणि संजना यांची फेलिसिटी ही सख्खी मावशी.

मर्चंट-आयव्हरी या निर्माता-दिग्दर्शक जोडीचा 'शेक्सपियर वाला' हा चित्रपट 1965 मध्ये आला. जेफ्रींच्या डायरीवर बेतलेली गोष्ट, संगीत सत्यजित राय यांचं, आणि पडद्यावर बहुतेक केंडल कुटुंबच. नायिका फेलिसिटी, नायक शशी कपूर. शेवटी नायिका बोटीने इंग्लंडला निघते. खरी फेलिसिटीही त्याच सुमारास निघाली. बर्लिनच्या महोत्सवात पारितोषिक मात्र त्यातल्या मधुर जाफरींना मिळालं.

इंग्लंडमध्ये फेलिसिटीचं नाव घरोघरी पोचायला पुढची दहा वर्षं गेली. हा भाग मला फार जवळचा वाटतो. इथे आल्यावर माझ्या भारतातल्या नोकरीच्या वर्षांकडे बोट दाखवून एका मुलाखतीत विचारलं गेलं होतं, "पण इथला अनुभव?" तिला असं कुणी विचारलं की नाही, देव जाणे. पण 1966 मध्ये ती बीबीसीच्या एका नाटकात थेट जॉन गिलगुड या थोर इंग्रज नटाबरोबर होती, 1967 मध्ये लंडनच्या रंगभूमीवर, आणि 1974 मध्ये 'द नॉर्मन कॉन्क्वेस्ट्स' या विनोदी नाट्यत्रयीत. त्यात पेनलोपी कीथही होती, जी पुढच्याच वर्षी मार्गो झाली.

1978 हे साल मला सर्वांत गमतीचं वाटतं. जूनमध्ये 'द गुड लाइफ'चा शेवटचा, खास भाग बीबीसीच्या स्टुडिओत राणीसमोर झाला. नोव्हेंबरमध्ये जुहूला जेनिफर आणि शशी कपूर यांनी उभारलेलं पृथ्वी थिएटर सुरू झालं. पहिलं नाटक कोणतं? गो. पु. देशपांड्यांचं 'उद्ध्वस्त धर्मशाळा', हिंदीत, नसीरुद्दीन शाह आणि ओम पुरी यांच्यासह. एक बहीण इंग्रजी उपनगराचा चेहरा झाली, तर दुसरीने मुंबईत नाटकाला छप्पर दिलं, तेही मराठी नाटककाराच्या नाटकाने उद्घाटन करून. जेनिफर 1984 मध्ये कर्करोगाने गेली. '36 चौरंगी लेन' हा तिचा चित्रपट पाहिलेल्यांना तिच्याबद्दल वेगळं सांगायला नको.

माझी तक्रार इथल्या वर्तमानपत्रांबद्दल आहे. 1981 मध्ये फेलिसिटीला 'रिअर ऑफ द इयर' नावाचा, सुडौल पार्श्वभागासाठीचा थिल्लर किताब दिला गेला आणि आजही तिच्यावरच्या लेखात तो डोकावतो. त्याआधी 1979 मध्ये नॅशनल थिएटरमध्ये ती 'अमेडियस'मधली मोत्सार्टची बायको होती, आणि मग टॉम स्टॉपर्डची नाटकं एकामागून एक: 'द रिअल थिंग', 'हॅपगुड', 'आर्केडिया'. स्टॉपर्डची वाक्यं म्हणायला जीभ आणि डोकं दोन्ही तल्लख लागतं. ती तयारी, माझ्या मते, त्या दौऱ्यांवरची: रोज नवं गाव, नवं नाटक, आणि शेवटच्या बाकावरच्या मुलीलाही ऐकू गेलं पाहिजे. नंतर 'रोझमेरी अँड थाइम' मालिकेत ती पुन्हा बागेतच रमली, पण या वेळी वाफ्यात बटाट्यांऐवजी प्रेतं सापडत होती.

स्टॉपर्डचं लहानपणही काही काळ दार्जिलिंगला गेलेलं. त्यांचं 'इंडियन इंक' 1995 मध्ये आलं, तेव्हा फेलिसिटीने फ्लोरा क्रू केली: भारतात आलेली आणि तिथेच मेलेली इंग्रज कवयित्री. डिसेंबर 2025 मध्ये हॅम्पस्टेड थिएटरने तेच नाटक पुन्हा केलं. आता ती होती फ्लोराची मागे उरलेली धाकटी बहीण, म्हातारी एलिनॉर. ही एलिनॉर शेपर्टनला राहते, म्हणजे आमच्याकडून थेम्सच्या काठाने वरच्या अंगाला गेलं की लागणाऱ्या गावात. ती येणाऱ्या-जाणाऱ्याला चहा-केक देते आणि बहिणीची पत्रं जपते. प्रयोग सुरू होण्याच्या काही दिवस आधी स्टॉपर्डही गेले. एकोणऐंशीव्या वर्षी रोज संध्याकाळी ती भूमिका करताना तिला जेनिफर आठवत असेल का, हे विचारायची मला गरज वाटत नाही.