मागच्या चार रांगा

"मागच्या चार रांगा काढा आणि उरलेल्या खुर्च्या गोल मांडा," भाचीने स्वतः जाऊन सांगितलं. तिच्याच लग्नाला तासभर उरला होता.

ताई मात्र यादीतल्या न आलेल्या नावांवरून बोट फिरवत बसलेली. "नक्की येतो म्हणाले होते गं सगळे."

म्हणाले होते, खरंय. पण डेस्टिनेशन वेडिंग म्हणजे पाहुण्याला प्रवासखर्च, रजा, घरच्या म्हाताऱ्यांची सोय. जीव असूनही प्रत्येकाला नाही झेपत. हॉटेलला आकडा आधीच कळवलेला, त्यामुळे न आलेल्यांच्या ताटांचेही पैसे गेले. लागतंच ते मनाला.

पण भाची आलेल्या प्रत्येकाशी निवांत बोलली, शेजारी बसून. भरगच्च लग्नात नवरीला एवढी उसंत कुठे मिळते?

ताईने कुणावर रुसू नये, असं मला फार वाटतं. तुम्ही तिला काय सांगितलं असतं?