सहाव्या गाण्याचा छळ: अल्बमची वही, मिक्सपासून रिलीजपर्यंत

मागच्या नोंदीत मी मोठ्या तोऱ्यात लिहिलं होतं की ड्रम्स झाले म्हणजे निम्मा अल्बम झाला. ते शब्द मागे घेतो. ड्रम्स झाले होते, पण नीट झाले नव्हते, आणि हे कळायला आम्हाला सात आठवडे लागले. आता अल्बम बाहेर आलाय. नऊ गाणी, ३८ मिनिटं. तेव्हा मधली सगळी भानगड एकदाची सलग लिहून टाकतो.

वही पहिल्यांदाच उघडणाऱ्यांसाठी: आम्ही चौघं. दोन गिटार, बेस, ड्रम्स. गातो मी, कारण बाकी तिघं गायला तयार नाहीत. नोकरी सांभाळून उरलेल्या वेळात वाजवणारी माणसं. रेकॉर्डिंग आमचं आम्ही केलं, मिक्सही (सगळे ट्रॅक जुळवून एक करणं) आमचाच, फक्त मास्टरिंग, म्हणजे मिक्सवरचा शेवटचा हात, बाहेर दिलं.

तालमीत थाप, रेकॉर्डिंगमध्ये खोका

सगळं घोडं सहाव्या गाण्यावर अडलं. गाण्याची बांधणी काही नवी नाही. कडवं शांत, एक स्वच्छ गिटार, ड्रमर स्नेअर ड्रमच्या कडेवर टिकटिक करतोय, मग एक मोकळा बार (मोजणीचं एक आवर्तन, कोणीच वाजवत नाही), आणि १:५२ला चौघं एकदम. शांत कडवं आणि दणदणीत कोरस हा पिक्सीज या अमेरिकन बँडनी १९८८च्या आसपास रुळवलेला मामला. त्यानंतर आमच्यासारख्या हजारो बँडनी तो वापरून वापरून गुळगुळीत केलाय. पण चालतो अजून. तालमीत तो कोरस आला की छातीवर थाप बसते.

रेकॉर्डिंगमध्ये कोरस आला की गाणं आक्रसायचं. कडव्यात गिटार ऐसपैस पसरलेली, आणि कोरसला सगळं मधोमध गोळा होऊन खोक्यातून आल्यासारखं.

मी गिटारवाला, त्यामुळे उपाय गिटारवाल्यालाच सुचेल तो केला: थर वाढवले. डावीकडे दोन, उजवीकडे दोन, मध्ये एक फझ, वर एक सप्तक चढवलेली एक. असं करत करत अकरा टेक झाले. प्रत्येक टेकला दोन माइक, म्हणजे फक्त कोरसच्या गिटारचे बावीस ट्रॅक. गाणं आणखी लहान झालं. बेसिस्ट एवढंच म्हणाला, "माझा बेस कुठे गेला, तेवढं सांग."

शूगेझवाले (गिटारच्या आवाजाची भिंत उभी करणाऱ्या रॉकचे चाहते) मित्र इथे माय ब्लडी व्हॅलेंटाइन या बँडचं उदाहरण देतात, मीही मनातल्या मनात देत होतो. पण त्यांचा गिटारवाला केविन शील्ड्स यानं वेळोवेळी सांगितलंय की त्यांच्या ध्वनिमुद्रणात गिटारचे थर लोकांना वाटतात तेवढे नसतात. व्हायब्रॅटो दांडा हातात धरूनच वाजवलेली एखादी गिटार तेवढं पसरते. हे मला ठाऊक होतं. ठाऊक असणं आणि अकरावा टेक न घेणं यात फार अंतर आहे.

सुतळीचा तुकडा

गुंता सोडवला ड्रमरनं, जो एरवी गिटारच्या टेकला झोपा काढतो. मी एकेक ट्रॅक बंद करत होतो. एका टेकचा मागचा माइक बंद केला आणि तो उठून बसला. "आत्ता काय केलंस? मोठं झालं."

माझी मांडणी अशी होती: शुअर एसएम५७ हा माइक अँपच्या जाळीला जवळजवळ चिकटवलेला, आणि दुसरा, कंडेन्सर माइक त्याच्या मागे साधारण १७ सेंटिमीटरवर, "थोडी हवा यावी" म्हणून. हिशेब करून बघा. आवाज हवेत एका मिलिसेकंदात सुमारे ३४ सेंटिमीटर जातो. म्हणजे मागच्या माइकला तोच आवाज अर्धा मिलिसेकंद उशिरा पोचतो. १००० हर्ट्झच्या लहरीला अर्धा मिलिसेकंद म्हणजे बरोबर अर्धं आवर्तन. एक वर जाते तेव्हा दुसरी खाली, आणि दोघींची पातळी सारखी असली तर बेरीज शून्याकडे. पुढे ३०००ला, ५०००ला पुन्हा तेच. नेमका गिटारचा पुढे येणारा, चावणारा भाग मी स्वतःच्या हातानं खोडत होतो, आणि तो कमी पडतोय म्हणून वर थर चढवत होतो. कडव्यात मी एकच माइक ठेवला होता, म्हणून तिथली गिटार शाबूत.

मग धडाधड सगळंच तपासलं. ड्रम्सच्या वर लावलेले ओव्हरहेड माइक स्नेअरपासून मोजले, तर एक ९२ सेंटिमीटरवर, दुसरा ११८वर. मोनो करून (डावं-उजवं एकत्र करून) ऐकलं तर स्नेअर म्हणजे पत्र्याचा डबा. आधी कधी मोनोत ऐकलंच नव्हतं! तीन गाण्यांचे ड्रम्स पुन्हा घेतले, ग्लिन जॉन्स या ध्वनिमुद्रकाच्या पद्धतीनं: एक माइक स्नेअरच्या वर, दुसरा फ्लोअर टॉमच्या बाजूनं आडवा, दोन्ही स्नेअरच्या मध्यापासून एकाच अंतरावर, शिवाय किक ड्रमला एक. अंतर मोजायला टेप लागत नाही. सुतळीचं एक टोक स्नेअरच्या मध्यावर दाबून धरायचं, पहिल्या माइकपर्यंत ताणून गाठ मारायची, तीच गाठ दुसऱ्या माइकपर्यंत न्यायची. एवढंच. आमची सुतळी अजून स्टँडला बांधून ठेवलीय.

पुन्हा ड्रम्स घेताना आणखी एक गोष्ट सुधारली. क्लिक (कानात टिकटिकणारा ताल) पूर्ण गाणंभर मिनिटाला १०४ बीट ठेवला होता. तालमीत आम्ही कोरसला नकळत पुढे सरकतो, आणि क्लिकवर तोच कोरस पाय ओढत चालल्यासारखा वाटायचा. या वेळी कोरसला १०७ केला. तीनच बीटचा फरक. कानाला कळत नाही, मानेला कळतो.

गिटारचे अकरा टेक पुसले. (बॅकअप नाही ठेवला. ठेवला असता तर परत गेलो असतो.) नवे दोनच घेतले, एक पूर्ण डावीकडे, एक पूर्ण उजवीकडे, प्रत्येकी एक माइक, आणि अँपचा गेन (आवाज किती फाटेल ते ठरवणारं बटण) सातवरून चारवर. हा गेनचा मुद्दा इथल्या जुन्या मंडळींनी मला पूर्वीच सांगितला होता, मी ऐकलं नाही. डिस्टॉर्शन मुळात सिग्नलचे शेंडे छाटतं. प्लेक्ट्रमचा तारेवरचा घाव त्या शेंड्यातच असतो. तालमीच्या खोलीत अँप इतक्या जोरात असतो की घाव नसला तरी चालून जातं. रेकॉर्डिंगमध्ये तो जोर ऐकणाऱ्याच्या बटणाकडे गेलेला असतो, आपल्या हातात फक्त घाव उरतो. शिवाय दोन टेक एकत्र आले की डिस्टॉर्शन आपोआप दाट वाटतं. एकटी गिटार ऐकताना "फारच सौम्य झाली की" असं वाटेल इतका गेन उतरवा, मग दोन्ही एकत्र ऐका.

मिक्स

इतकं करूनही कोरस हवा तेवढा उघडत नव्हता. पण या वेळी लवकर सापडलं. मास्टर बसवर, म्हणजे सगळे ट्रॅक जिथे एकत्र येतात तिथे, मी पहिल्याच दिवशी एक काँप्रेसर (मोठा आवाज दाबणारं साधन) लावून विसरलो होतो. कडव्यात त्याचा काटा जागचा हलत नव्हता, कोरस आला की पाच-सहा डीबी (डेसिबल) खाली. म्हणजे मी फेडर वर ढकलतोय आणि हा गडी तेवढंच खाली ओढतोय. काढून टाकला. शेवटी कोरसवर दीडच डीबी दाबणारा, लवकर सोडणारा ठेवला.

बाकीचं काम उलट्या दिशेनं केलं. कोरस वाढवला नाही, त्याच्या आधीचं कडवं उतरवलं. शेवटच्या चार बारांत हळूहळू २ डीबी खाली, गिटार कडेवरून मध्याकडे ओढलेली, माझ्या आवाजावरचा रिव्हर्ब (घुमारा) बंद. एकटं ऐकलं तर कडवं मुकं वाटतं. तिथून १:५२ला जे होतं ते मात्र तालमीसारखं.

बाकी आठ गाण्यांचे मिक्स दोन आठवड्यांत उरकले. त्यांच्याबद्दल सांगण्यासारखं काही नाही. दुसऱ्या गाण्याचा बेस अजून मला पटत नाही, पण बेसिस्टला पटतो.

मास्टर आणि भांडण

मास्टरिंग करणाऱ्यानं दोन आवृत्त्या पाठवल्या. एक उणे ८ लफ्सच्या आसपास, दुसरी उणे ११. (लफ्स म्हणजे आवाजाचा सरासरी जोर मोजायचं माप; शून्याच्या जितकं जवळ तितका मोठा आवाज.) आमचा दुसरा गिटारवाला पहिल्यासाठी हटून बसला, कारण इतर बँडच्या गाण्यांशेजारी लावली की ती दणकून वाजते. पहिली पाच मिनिटं मीही त्याच्या बाजूनं होतो.

पण स्पॉटिफाय गाणी वाजवताना साधारण उणे १४ला आणतं, यूट्यूबही त्याच आकड्याला खाली खेचतं, ॲपल म्युझिकचं साउंड चेक उणे १६ला. म्हणजे पहिली आवृत्ती स्पॉटिफायवर सहा डीबी खाली येणार, दुसरी तीन. जोराचा फायदा गेला, आणि तो जोर आणण्यासाठी चिरडलेला फरक तसाच राहिला. सहाव्या गाण्यात कडवं आणि कोरस यांत पहिल्या आवृत्तीत ३ डीबीचा फरक होता, दुसरीत ७. दोन्ही एका पातळीला आणल्या, नावं झाकली आणि चौघांनी पाठमोरं बसून ऐकलं. हटून बसलेल्यानंच उणे ११वाली निवडली. निवडल्यावर पंधरा मिनिटं कोणाशी बोलला नाही.

त्या आवृत्तीत एक जादा पाहुणा निघाला. कोरसच्या आधीच्या मोकळ्या बारात ड्रमरची खुर्ची करकरते. आधीच्या सगळ्या मिक्समध्ये तो आवाज होताच, पण एवढी शांतताच नव्हती की तो ऐकू यावा. ड्रमरला तो काढायचा होता. मतदान तीन विरुद्ध एक. राहिला.

क्रम

गाण्यांचा क्रम ठरवताना लाँगप्ले तबकडी डोळ्यांसमोर ठेवली होती, कधीतरी काढू या आशेवर. १२ इंची, ३३⅓ फेऱ्यांच्या तबकडीला एका बाजूला २० मिनिटांच्या आत राहिलेलं बरं, त्यापुढे जोर उतरवावा लागतो. आमचे ३८ दोन बाजूंत बसतात. दुसरं म्हणजे सुई आत सरकते तसा खाचेचा वेग घटतो: बाहेरच्या कडेला सेकंदाला सुमारे ५० सेंटिमीटर, आतल्या टोकाला जेमतेम २१. कर्कश, सकाराचा भरणा असलेली गाणी आत फाटतात. म्हणून दोन्ही बाजूंच्या शेवटी संथ गाणी. पाच गाणी पहिल्या बाजूला, आणि सहावं दुसऱ्या बाजूचं पहिलं, अगदी बाहेरच्या खाचेत. इतका छळ केलाय त्यानं, निदान जागा तरी चांगली मिळू दे.

रिलीज

इथे कंटाळवाणी कामं फार, पण चुकली तर महागात पडतात. प्रत्येक गाण्याला आयएसआरसी हा बारा अक्षरांचा क्रमांक हवा, अख्ख्या अल्बमला वेगळा बारकोड क्रमांक. मुखपृष्ठ ३००० बाय ३००० पिक्सेल, आणि बोटाच्या नखाएवढं करून बघा, कारण लोकांना ते तेवढंच दिसणार. आमच्यावरची अक्षरं वाचता येत नव्हती, बदलली. वार शुक्रवार. जुलै २०१५पासून जगभर तोच रिवाज आहे आणि प्लेलिस्टच्या याद्याही त्याच दिवशी ताज्या होतात. स्पॉटिफायच्या संपादकांकडे गाणं सुचवायचं तर निदान सात दिवस आधी, आणि अल्बममधलं एकच. आम्ही सहावं सुचवलं. निवड झाली नाही, पण वेळेत सुचवलं की आपल्या फॉलोअरांच्या रिलीज रडारमध्ये (नव्या गाण्यांच्या आठवडी यादीत) तेच गाणं जातं, तेवढं झालं.

रिलीजच्या सकाळी अल्बम भलत्याच बँडच्या पानावर उगवला. आमच्याच नावाचा दुसरा एक बँड निघाला, डेथ मेटलवाला. त्यांच्या श्रोत्यांनी सकाळी सकाळी आमचं पहिलं संथ गाणं ऐकलं असेल, त्यांची क्षमा मागतो. गाणी सगळीकडे पोचवणाऱ्या वितरकानं दुरुस्तीला नऊ दिवस घेतले. ज्यांचं रिलीज जवळ आलंय त्यांनी आपल्या पानाचा दुवा वितरकाकडे आधीच नोंदवून ठेवा, नावावर विसंबू नका. आम्ही तो रकाना रिकामा सोडला होता.

बँडकँपवर, जिथे श्रोते थेट बँडकडून अल्बम विकत घेतात, मात्र पहिल्या दिवसापासून सुरळीत. डिजिटल विक्रीतले १५ टक्के ते ठेवतात, पैसे देवघेवीचं शुल्क कापून बाकी आपले, आणि कोणी घेतलं ते कळतं. स्पॉटिफायवर २०२४पासून बारा महिन्यांत किमान १००० वेळा न वाजलेल्या गाण्याला मोबदलाच लागू होत नाही. तीन आठवड्यांत आमचं सहावं ४१२वर आहे, बाकीची त्याच्या बरीच मागे.

अनोळखी माणसाचा पहिला संदेश परवा आला. कौतुक नाही, तक्रार नाही, एकच ओळ: १:५२च्या आधी कोणाची खुर्ची वाजते? ड्रमरला अजून दाखवलेला नाही. तो ही वही वाचत नाही.